कोणत्या बंडेप्पाचा अनिलकुमार

पेपरांचा गठ्ठा सकाळी पावणेसहाला मुडबीच्या बसस्टँडवर येतो. टेम्पो थांबत नाही, नुसता हळू होतो, आणि गठ्ठा धपकन खाली पडतो. विरुपाक्षनं त्या दिवशी रोजच्यासारखी सुतळी कापली, दवानं ओला झालेला वरचा अंक बाजूला ठेवला आणि आपली बातमी लागली का ते बघायला तिसरं पान उघडलं. लागली होती. चार कॉलम. 'शाळकरी मुलीला पळवण्याचा प्रयत्न, तरुण ताब्यात.' त्याखाली 'मुडबी, वार्ताहराकडून'. आणि मधोमध फोटो.

फोटोतला मुलगा त्याच्या घरापासून चौथ्या घरातला होता.

विरुपाक्षनं चष्मा काढून सदऱ्याला पुसला आणि परत घातला. निळा शर्ट, बिदरच्या किल्ल्याची भिंत, डोळ्यांवर ऊन आल्यामुळे बारीक झालेले डोळे. बंडेप्पा आणि मंगल यांचा अनिलकुमार. कलबुर्गीला, म्हणजे लोकांच्या तोंडातल्या गुलबर्ग्याला, डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाला असलेला. गेल्याच महिन्यात सुट्टीला आला तेव्हा विरुपाक्षच्या मोबाईलची अक्षरं यानंच मोठी करून दिली होती. बातमीत लिहिलं होतं, मुडबी येथील अनिलकुमार बंडेप्पा याने कलबुर्गीत शाळेच्या दारातून नऊ वर्षांच्या मुलीला मोटरसायकलवर बसवून नेण्याचा प्रयत्न केला आणि जमावाने त्याला पकडून पोलिसांच्या हवाली केले.

ही बातमी काल संध्याकाळी त्यानंच पाठवली होती. आणि ती त्यानं वाचलेली नव्हती.

विरुपाक्षला मुडबीत कोणी पत्रकार म्हणत नाही. अण्णा म्हणतात, नाहीतर पेपरवाले अण्णा. किल्लारीचा भूकंप झाला त्याच्या पुढच्या वर्षी तो वार्ताहर झाला, तेव्हा सत्तावीस वर्षांचा होता. तेव्हापासून पेपरची एजन्सीही त्याच्याकडेच. बातमी हातानं लिहायची, पाकिटात घालायची आणि बसवकल्याणच्या बसच्या कंडक्टरकडे द्यायची. कंडक्टर विसरला तर बातमी दुसऱ्या दिवशी परत त्याच्याच हातात यायची. सायकलवरून त्यानं आसपासची सगळी गावं पालथी घातली. एकदा एका गावात विहिरीत पडून माणूस गेला म्हणून कळलं, हा तिथं पोचला, वेशीवर एकाला घर विचारलं, तर तो म्हणाला, "मीच की ओ तो. पडलो व्हतो, पन निघालो." विरुपाक्षनं ती बातमी दिली नाही, पण पुढं कितीतरी वर्षं लग्नकार्यात सांगितली.

त्याचं एक काम मात्र लोकांच्या चेष्टेचा विषय होतं. या भागात सरकारी कागदावर आडनाव नसतं. मुलाचं नाव, मग 'तंदे', म्हणजे वडील, आणि मग वडलांचं नाव. अनिलकुमार तंदे बंडेप्पा. संपलं. आणि बंडेप्पा तर गावोगाव, एकेका गावात तीन-तीन, चार-चार. म्हणून विरुपाक्ष पोलिसांच्या यादीवर कधीच थांबायचा नाही. कोणत्या गावचा, कोणत्या बंडेप्पाचा, आई कोणाची, आजोळ कोणतं, हे सगळं विचारून झाल्याशिवाय तो नाव लिहायचा नाही. "अण्णा, बातमी लिवायलाव का सोयरीक जुळवायलाव?" असं लोक म्हणायचे. तो म्हणायचा, "सोयरीक मोडली तर दोन घरं रडत्यात. नाव चुकलं तर सात पिढ्या."

ही त्याची ओळख होती. मुडबीत दोन माणसं वाद घालायला लागली की तिसरा म्हणायचा, अण्णांनी लिवलंय का? मग खरं.

मग व्हॉट्सॲपचा ग्रुप आला. तालुक्यातल्या सगळ्या वार्ताहरांचा. पहिल्यांदा बरं वाटलं, एकाला कळलं की सगळ्यांना कळतंय. हळूहळू जाणं कमी झालं. एक जण जायचा आणि बाकीचे त्याचीच बातमी आपापल्या पेपरला लावायचे. पुढं तो एक जणही जाईना. पोलीस ठाण्यातल्या कोणीतरी दोन ओळी टाकायच्या, कोणीतरी त्यांच्या दहा करायच्या आणि त्या दहा ओळी सात पेपरांत जशाच्या तशा, चुकांसकट. कार्यालयातून फोन यायचा, सर, दुसऱ्यांकडं लागली, आपल्याकडं कामून न्हाई? दहा मिनिटांत पाठवा. विरुपाक्षचे गुडघेही एव्हाना कुरकुरायला लागले होते. सायकल सहा वर्षांपूर्वी मागच्या पडवीत भिंतीला टेकली ती टेकलीच.

त्याची बायको नागरत्ना एकदा म्हणाली होती, "बसल्या जागी बातमी शिजायलीय. चूल न्हाई, धूर न्हाई."

"जमाना बदलला, नागरत्ना."

"जमाना बदलला तर गुडघ्याला कामून दोष देताव?"

काल संध्याकाळी पुतण्याच्या बायकोचं डोहाळजेवण होतं. विरुपाक्ष पंगतीत बसला होता, ताटात पुरणपोळी, तुपाची वाटी. फोन वाजला. ग्रुपवर बसवकल्याणच्या भीमाशंकरची बातमी आली होती, मथळा आणि खाली लांबलचक मजकूर. सोबत फोटो. विरुपाक्षचा फोन भरलेला असतो, म्हणून त्यावर फोटो आपोआप उघडत नाही. धुरकट चौकोन दिसतो, मधे गोल बाण. बाणावर बोट ठेवावं लागतं. त्यानं ठेवलं नाही. बोटाला तूप होतं. मथळा वाचला, बातमी चांगली आहे असं वाटलं आणि डाव्या हाताच्या अंगठ्यानं ती तशीच कार्यालयाला पाठवून दिली, ग्रुपवर 'पाठवली' एवढंच टाकलं.

गावाचं नाव दुसऱ्याच ओळीत होतं.

बसस्टँडवर उभ्या उभ्याच त्यानं भीमाशंकरला फोन लावला.

"काय अण्णा, सकाळ सकाळ?"

"तो फोटो कुठनं आणलास?"

"कोणता? हां, तो पोरगा. पोलिसांकडनं नाव आलं व्हतं नुसतं, अनिलकुमार तंदे बंडेप्पा. फेसबुकवर नाव टाकलं, पयला हाच निघाला. मुडबी लिवलंय त्याच्यावर, गुलबर्ग्याला शिकतोय बी लिवलंय. बसतंय की बराबर."

"तू ठाण्यात गेला व्हतास?"

"मी? मी कामून? गुलबर्ग्याचं ठाणं, मी बसवकल्याणात." मग भीमाशंकरचा आवाज जरा खाली आला. "अन् अण्णा, मला बी शंका व्हती थोडी. पन तुम्ही पुढं पाठवल्याचं कळलं. मुडबीचा पोरगा, मुडबीचे अण्णा पाठवायलेत, म्हटलं मग झालं. पाच जणांनी तुमचं बघूनच लावली."

विरुपाक्षनं कार्यालयात फोन केला. रात्रपाळीचा मुलगा अजून तिथंच होता, जांभई देत म्हणाला, "सर, तुमचीच कॉपी आहे. तुमची बातमी आम्ही कधी क्रॉस-चेक करत नाही."

 विरुपाक्ष गठ्ठ्यावर खाली बसला. इतकी वर्षं तो ज्याला आपली पुण्याई समजत होता, तिच्याच जोरावर ही बातमी कुठंही न अडता, कोणी न विचारता, थेट त्या पोराच्या छातीवर जाऊन आदळली होती.

मंगलच्या दारात तो पोचला तेव्हा आत माणसं होती. शेजारची नेत्रावती हातात फोन धरून उभी होती. मंगल शाळेत दुपारचा स्वयंपाक करायला जाते, ती निघायच्या तयारीत होती, पदर खोचलेला, केसांना फडकं बांधलेलं. ती खाली बसली होती, भिंतीला टेकून. रडत नव्हती. डोळे मात्र असे उघडे, जणू मिटायचे कसे हेच विसरली होती. तिचा नवरा बंडेप्पा, दुसऱ्यांचा ट्रॅक्टर चालवणारा आडदांड माणूस, अंगणात पाठमोरा उभा होता.

"अण्णा आले," नेत्रावती म्हणाली.

मंगलनं मान वर केली. विरुपाक्षला वाटलं, आता ही शिव्या घालेल. घातल्या असत्या तर बरं झालं असतं.

"अण्णा," ती म्हणाली, "तुमच्या पेपरात हाय म्हंजे तुम्ही बघितलंच आसल. मी काल रातच्यापासून फोन लावायलेय, बंदच येतोय. मला कळंना. माझ्या पोटचा हाय तो. शेळीचं करडू ओरडलं तर रात्री उठून बघणारा पोरगा." तिचा आवाज अगदी बारीक झाला. "आईला बी कळत नसतं का ओ अण्णा, पोराच्या पोटात काय हाय ते? माझं कुठं चुकलं?"

विरुपाक्षला हे सुचलंच नव्हतं. आई आपल्या मुलाला सोडून पेपरवर विश्वास ठेवेल, हे त्याच्या मनाच्या कोपऱ्यातही नव्हतं. ती पेपरवर ठेवत नव्हती. त्याच्यावर ठेवत होती.

"मंगल, ऐक. खोटं हाय ते."

"आँ?"

"खोटं हाय. मी बघितलं न्हाई. मी गेलो न्हाई. वाचलं सुदीक न्हाई. आलं तसं पुढं ढकललं."

 नेत्रावतीच्या फोनवर कुठलातरी नवा मेसेज येऊन टिंग वाजला. बंडेप्पा सावकाश वळला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, अडाणी माणसाला हिशेब लागत नाही तेव्हा होतो तसा चेहरा झाला होता.

"म्हंजे बघा अण्णा," तो म्हणाला, "तुम्ही लिवलं ते खोटं, हे तुम्हीच सांगायलाव. मग आता सांगायलाव ते खरं, हे कशावरनं?"

 विरुपाक्षच्या सोबत होता तो नुसता सहा वर्षांचा बसून घालवलेला वेळ.

"चल," तो म्हणाला. "माझ्यावर सोडू नको. तू सोत्ता बघ. सातची गुलबर्ग्याची बस हाय."

मंगलही निघाली. फडकं तसंच डोक्याला. बसमध्ये तिघं शेजारी बसले नाहीत. पुढच्या सीटवरचा माणूस फोनवर तीच बातमी शेजाऱ्याला दाखवत होता. "असल्यांना ठाण्यात कामून नेत्यात? तिथंच द्यायचं की दोन." मंगल खिडकीबाहेर बघत राहिली. तुरीच्या रानातनं ऊन वर येत होतं. बंडेप्पा उठून त्या माणसाकडे जाणार असं विरुपाक्षला वाटलं, पण तो उठला नाही. त्याला अजून माहीतच नव्हतं, कोणाच्या बाजूनं उठायचं.

ठाण्याच्या आवारात शिरताना विरुपाक्षनं जुन्या सवयीनं खिशातलं पेन काढलं. पण तोंड उघडायच्या आधीच बंडेप्पा टेबलापुढं जाऊन उभा राहिला होता. तिथं बसलेले हवालदार साहेब, नावाची पाटी निंगप्पा, कन्नड, मराठी, दखनी सगळं मिसळून बोलत होते.

"अनिलकुमार बंडेप्पा," बंडेप्पा म्हणाला. "कोणच्या गावचा?"

"तुम्ही कोण?"

"मी बी बंडेप्पाच हाय. म्हणूनच विचारायलोय. कोणच्या गावचा?"

निंगप्पांनी वही ओढली. "करजगी."

"अफजलपूरकडची?"

"हां, वोच."

"वय?"

"चौतीस."

"पोरगी कोणाची व्हती?"

"अरे बाबा, उसकीच भाची." निंगप्पांनी वही मिटली आणि ती गोष्ट ठाण्यातल्याच चार जणांना सांगून कंटाळा आला असावा अशा आवाजात सांगितली. मुलीच्या आईला अचानक दवाखान्यात नेलं होतं. मामा भाचीला घ्यायला शाळेत आला. शाळेचा रखवालदार नवा, त्यानं मामाला कधी बघितलेलं नाही. पोरगी आईचं ऐकून रडायला लागली. रडणारी पोरगी, अनोळखी माणूस, मोटरसायकल. गर्दी जमली. ठाण्यात आणलं, आईशी फोनवर बोलणं करून दिलं आणि तासाभरात दोघांना सोडलं. "गुन्हाच नहीं. केसच नहीं. चहा पाजके भेजे."

"मग पेपरात कसं आलं?" बंडेप्पानं विचारलं.

"ते पेपरवाल्यांना विचारा. कल से एकबी पत्रकार इधर नहीं आया. तुम्हीच पयले, येऊन विचारणारे."

विरुपाक्ष मागं उभा होता. हातातलं पेन उघडंच. गाव, कोणती करजगी, वय, मुलगी कोणाची. सहीपुरतं लिहिता येणाऱ्या ट्रॅक्टरच्या ड्रायव्हरनं चार प्रश्न विचारले होते आणि बातमी उरलीच नव्हती. चार प्रश्न. सात पेपर. यातला एक प्रश्न विचारायला काल सगळ्यांना एक फोनसुद्धा जड झाला होता, आणि त्यात त्याचा नंबर पहिला.

"अन् माझा पोरगा?" मंगल म्हणाली. "त्याचा फोन लागंना."

निंगप्पांनी तिच्याकडे बघितलं, मग फोटोचा पेपर तिच्या हातात होता त्याकडे. त्यांच्या आवाजातला कंटाळा गेला. "तुमचा का तो? अक्का, आत हाय."

"आत?" बंडेप्पा ओरडलाच.

"कोंडलं न्हाई. काल रात्री नऊ वाजता सोत्ता चालत आला. म्हणला, साहेब, मला आत बसवा, भायेर लोक मारायलेत."

मागच्या खोलीत बाकावर अनिलकुमार बसला होता. निळाच शर्ट, खांद्यावर उसवलेला. एक ओठ सुजून दुसऱ्यावर आला होता. तो राहत होता त्या गल्लीतल्या पोरांनी फोनवर फोटो बघून त्याला खोलीतून ओढला होता. फोन त्यांच्याकडेच राहिला, आणि घरचा नंबर त्याला पाठ नव्हता. घरमालक मधे पडला म्हणून निसटला, आणि कुठं जावं ते कळेना म्हणून ज्या ठाण्यानं आपल्याला पकडलंय असं बातमीत म्हटलंय, त्याच ठाण्यात पळाला. मंगलनं त्याचं तोंड दोन्ही हातांत धरलं आणि मग ती जी रडली, ते ऐकून बाहेरच्या खोलीत लिहीत बसलेली बाई हवालदार उठून आली.

बंडेप्पा दारातच थांबला. पोरानं त्याच्याकडे बघितलं.

"अप्पा, तुम्हाला खरं वाटलं का ओ?"

 बंडेप्पानं डोक्याची टोपी काढून हातात घेतली आणि चुरगळत राहिला. त्याचं उत्तर पोराला तेवढ्यावरच कळलं.

मग अनिलकुमारची नजर मागं गेली. "अण्णा," तो म्हणाला. त्याच्या बोलण्यात राग नव्हता, नुसतं न समजणं होतं. "तुमच्या घरापासनं आमचं घर चवथं. तुम्ही आईला एक हाक मारली असती तरी कळलं असतं, मी त्या वेळी परीक्षेला बसलो व्हतो."

विरुपाक्षनं त्याच दिवशी ठाण्याच्या पायरीवर बसून बातमी लिहिली. सहा वर्षांत पहिल्यांदा हातानं. करजगी, वय, मामा, भाची, दवाखाना, निंगप्पांचं बोलणं, सुजलेला ओठ. शेवटी लिहिलं, ही चूक मुडबीच्या वार्ताहराची, म्हणजे माझी. कार्यालयातून फोन आला. सर, एवढं नको, पेपरची बदनामी होते. दुसऱ्या दिवशी आतल्या पानावर, तेलाच्या जाहिरातीखाली, दोन ओळी आल्या. 'नामसाधर्म्यामुळे झालेल्या गैरसमजाबद्दल दिलगीर आहोत.' कोणाचं नाव, कोणती बातमी, काहीच नव्हतं. त्या दोन ओळी शोधायला विरुपाक्षलाच दोनदा पान चाळावं लागलं. बाकीच्या सहा पेपरांत तेवढंही नाही. आणि लोकांच्या फोनवर तो फोटो अजून फिरतच होता, आता तेलंगणातल्या कुठल्यातरी गावाच्या नावानं.

अनिलकुमारनं आईला सांगितलं होतं, मी लगेच येत नाही. आधी गावात कळू दे, मग येतो.

म्हणून विरुपाक्ष निघाला. पेपरमधून कळणार नव्हतं, तेव्हा पायांनी. सकाळी पेपर टाकून झाले की घर धरून घर. दारात उभं राहायचं, चप्पल काढायची आणि सांगायचं, बातमी खोटी होती, मी न बघता पाठवली, पोरगा त्या वेळी परीक्षेला बसला होता. काही जण पाणी द्यायचे. काही म्हणायचे, "जाऊ द्या अण्णा, व्हतंय असं." एक म्हणाला, "काईतरी असल्याबिगर सात पेपरात येतंय का?" आणि त्यानं दार लावून घेतलं. एका घरी म्हातारीनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तुम्हाला पोलिसांनी असं सांगा म्हणलंय व्हय?" गुडघे सुजले. नागरत्ना रात्री तेल चोळायची आणि या वेळी एक शब्दही टोचून बोलायची नाही. ते त्याला जास्त लागायचं.

अकराव्या दिवशी मुडबीची घरं संपली. बाराव्या दिवशी अनिलकुमार आला. विरुपाक्ष त्याला घ्यायला बसस्टँडवर गेला, बंडेप्पाही होता. तिघं गल्लीतून चालत निघाले, मधे पोरगा. हनुमानाच्या देवळापाशी लोकांनी हात वर केले, कोणीतरी "कधी आलास रे?" म्हणालं. बंडेप्पाची मान जरा ताठ झाली.

कोपऱ्यावरच्या घरापुढं यल्लम्मा धान्य पाखडत बसली होती. तिची सहा-सात वर्षांची नात उंबऱ्यावर बाहुलीशी खेळत होती. तिघांना येताना यल्लम्मानं बघितलं. ती हसली, विरुपाक्षला "बरं हाय का अण्णा?" म्हणाली. आणि हसता हसताच सूप खाली ठेवलं, नातीचा दंड धरला आणि तिला उचलून आत नेलं.

बाहुली उंबऱ्यावर तशीच पडली होती.

बंडेप्पाच्या लक्षात आलं नाही, तो पुढं होता. अनिलकुमार थांबला.

"अण्णा, हे घर राहिलं व्हतं का?"

"न्हाई," विरुपाक्ष म्हणाला. "सगळ्यात पयलं ह्याच घरी आलतो."

 अनिलकुमार बापाच्या मागं चालायला लागला, या वेळी गल्लीच्या पार कडेनं, भिंतीला लागून. विरुपाक्षनं यल्लम्माच्या उंबऱ्यापाशी चप्पल काढली आणि आत हाक मारली.